पळसाचा देवमन

वाचकहो, पुढील प्रसंगात माझ्या पदरचे एक अक्षरही नाही. ज्या व्यक्तीवर तो गुदरला, ती माझी आतेबहीण आहे आणि आजही अमरावतीस राहते.

गेल्या वर्षीचा मे महिना. दर्यापूरच्या पुढचे एक गाव. गावाचे नाव मुद्दाम लिहीत नाही.

वेळ रात्रीची नव्हती. भर दुपारची होती...

माझ्या बहिणीचे नाव प्रियदर्शनी. ती लष्करी इतिहासाची अभ्यासक. युद्धात बेपत्ता झालेल्या वऱ्हाडातील जवानांचे पुढे काय झाले, याचा शोध घेणे हेच तिचे कार्य. बौद्ध घरातली, विज्ञाननिष्ठ मुलगी. भुताखेतांवर तिचा यत्किंचितही विश्वास नव्हता.

नव्हता.

त्या गावचे देवमन एकाहत्तरच्या युद्धात वाळवंटात बेपत्ता झाले. ना देह आला, ना खबर. असा माणूस गेला असे ठरले, की पळसाच्या पानांचा पुतळा करतात, डोक्याच्या जागी नारळ ठेवतात आणि त्यास अग्नी देतात. तो नारळ फुटला, की जीव सुटला असे मानतात. देवमनच्या मातोश्रींनी मरेपर्यंत हा पुतळा होऊ दिला नाही.

आता उरल्या होत्या धाकट्या भगिनी मनकर्णाबाई. वय सत्तरीकडे झुकलेले. छातीचे दुखणे विकोपास गेलेले.

"पोरी, मले आता जा लागते," त्या प्रियदर्शनीला म्हणाल्या. "माह्या मागं त्याच्यासाठी रडाले कोनी नाही. खरं सांग, गेला ना थो?"

त्याआधी प्रियदर्शनी अकोल्यास धर्मपाल नावाच्या वृद्ध निवृत्त जवानास भेटून आली होती. ते देवमनच्याच तुकडीतले. ते एवढेच म्हणाले होते, "आमी मागं हटलो तवा थो वाळूत पडला होता. पानी मांगून राह्यला होता. पुढचं मले नाही मालूम."

एवढ्यावरून मृत्यू सिद्ध होत नाही, हे तिच्याइतके कोणास ठाऊक असणार? परंतु म्हातारीचे डोळे पाहून तिचे मन द्रवले.

"हो मावशी. गेले ते. पाहणाऱ्याने पाहिलंय."

ह्या तिच्या शब्दावर पुतळा करण्याचे ठरले.

त्या सकाळी शेताच्या बांधावर देवमनच्या चुलत पुतण्याने, गोपालने अग्नी दिला. प्रियदर्शनी मुद्दाम हजर होती. पाने धडाडून जळाली.

पण नारळ फुटला नाही...

सर्वजण त्या आवाजाची वाट पाहत उभे राहिले. पुतळ्याची राख झाली. नारळ तसाच. साधा काळाही पडला नाही.

"काका पलटनीतले ना मॅडम," गोपाल उसने हसू आणून म्हणाला. "साहेबाच्या हुकमाबिगर डोस्कं फुटत नसन त्याईचं."



मग गोपाल विधी सांगायला आलेल्या गुरुजींना पोचवायला दर्यापूरला गेला. उन्हाच्या झळा येत होत्या म्हणून दोन्ही दारे लावून घेतलेली. घरात दोघीच. मनकर्णाबाई खाटेवर पडल्या होत्या.

प्रियदर्शनीला तहान लागली. ती रांजणापाशी गेली.

रांजण कोरडा होता...

सकाळी गोपालने तो तिच्यादेखत भरला होता. तिने घागर पाहिली. कोरडी. पिशवीतली स्वतःची बाटली काढली. झाकण घट्ट. आत थेंबही नाही.

आणि मग परसात पाय वाजले...

एक पाय टेकत होता. दुसरा फरफटत होता. मागच्या दाराशी येऊन ते थांबले.

"पानी..."

मनकर्णाबाई ताडकन उठून बसल्या. "माह्या भावाचा आवाज हाये हा!"

प्रियदर्शनीने कडीला हात घातला. म्हातारीने धावत येऊन तिचे मनगट धरले.

"उघडू नको! ज्याचा पुतळा जाळला, थो जिता परत आला, तं त्याले तसा दारातून घेत नसतात. त्याचा नवा जलम करा लागते. बारसं करा लागते." मग तिच्या डोळ्यांत पाहून त्यांनी विचारले, "त्या मानसानं माह्या भावाले मरताना पाह्यलं होतं काय?"

प्रियदर्शनीने कडीवरचा हात काढला.

"नाही, मावशी."

"मंग मले खोटं काहून सांगतलं?"



बाहेर पुन्हा... "पानी..."

"म्हंजे म्या जित्या भावाले जाळलं," म्हातारी म्हणाली. तिचा आवाज अगदी शांत होता. "आत्या नाव ठेवत असते. आमच्या आत्या केव्हाच्या गेल्या. तुह्या बोलन्यानं जाळला, आता तूच त्याची आत्या हो. ठेव नाव."

माझी एवढी शिकलेली बहीण त्या दाराशी गुडघे टेकून बसली. बाळाच्या कानाशी न्यावे तसे तिने फटीपाशी तोंड नेले.

"कुर्रर्र..."

पलीकडून गरम श्वास तिच्या ओठांवर आला.

"...देवमन."

श्वास थांबला.

कितीतरी वेळाने त्यांनी दार उघडले. परसात ऊन तापले होते. धुळीत एकही पाऊल उमटलेले नव्हते.

मनकर्णाबाई पावसाळा काढणार नाहीत, असे डॉक्टर म्हणाले होते. परंतु यंदाच्या जानेवारीत त्यांचा फोन आला. आवाज ठणठणीत होता.

"काहून येत नाहीस वो पोरी? आत्या ना तू त्याची? आता थो रांगून राह्यला. साऱ्या घरात मांग मांग येते माह्या."

त्या घरात लहान मूल नाही. गोपाल शेजारी वेगळा राहतो, त्याचे लग्नही झालेले नाही. फोन ठेवता ठेवता प्रियदर्शनीला शेणाने सारवलेल्या जमिनीवर तळहात पडल्याचा आवाज आला. थप... थप... आणि तो आवाज फोनच्या जवळ येत होता.

त्याच संध्याकाळी ती माझ्या घरी आली. चहा तसाच निवला. तिने एवढेच विचारले,

"दादा, रांगायला लागल्यावर मूल किती दिवसांनी चालायला लागते रे?"

मी दोन लेकरांचा बाप आहे. मला उत्तर ठाऊक होते.

मी ते तिला अद्याप सांगितलेले नाही.