जप्तीतली खाट

बेलीफाने इतक्या घरांच्या जप्त्या केल्या होत्या, की कुणाच्या रडण्याचं त्याला काही वाटेनासं झालं होतं. कोर्टाचा हुकूम दाखवायचा, सामान टेम्पोत भरायचं आणि पुढे केलेल्या पाण्याला नको म्हणून निघायचं. लोकांच्या युक्त्या तर त्याला तोंडपाठ. कपाट न्यायचं म्हटलं, की नेमकी त्याच कपाटाला टेकून कुणाला तरी चक्कर यायची.

त्या सकाळच्या घरात तिशीची एक मुलगी एकटीच होती. तिचे वडील मित्राच्या कर्जाला जामीन राहिले, मित्र पसार झाला, आणि कोर्टाचा निकाल वडिलांच्या डोक्यावर येऊन बसला. त्यातच ते वारले. आता त्यांच्यामागे राहिलेलं सामान न्यायचं होतं. टेबल, पंखा, कपाट, सगळं तिने निमूट नेऊ दिलं. आतल्या खोलीतल्या लोखंडी खाटेपाशी मात्र ती आडवी आली.

"एवढी राहू द्या, काका. बाबा झोपलेत."

खाट रिकामी होती. चादरीला सुरकुतीसुद्धा नव्हती. खोलीत मालिशच्या तेलाचा वास कोंडला होता.

"वडील वारले ना तुझे?"

"वारले... पण उठले नाहीत. म्हणाले होते, देणं फिटेपर्यंत मी इथून हलणार नाही."

बेलीफाला हसू आलं आणि रागही. ही नवीनच युक्ती! "उचला रे," तो म्हणाला.

दोघा हमालांना खाट हलेना. बेलीफाने स्वतः हात लावला, तेव्हा कुठे उचलली. दारातून वळवताना ती एका अंगाला कलली, झोपलेला माणूस कूस बदलतो तशी. थोरल्या हमालाचा चेहरा पांढराफटक पडला.

"साहेब... हिच्यावर कुणीतरी आहे."

मुलगी चादरीची कड खोचत टेम्पोपर्यंत आली. "हळू न्या हं. त्यांची पाठ दुखते."

संध्याकाळी कोर्टाच्या गोदामात ती खाट पाहून वरच्या साहेबांनी बेलीफाला फैलावर घेतलं. "घरच्यांच्या झोपायच्या खाटेला हात लावायचा नसतो, हे आता मी शिकवू तुला? उद्या परत नेऊन दे!"

बेलीफाला मनातून बरंच वाटलं. दुसऱ्या दिवशी सकाळी धाकट्या हमालाने एकट्यानेच ती खाट खांद्यावर टाकली, तेव्हा तर त्याचा जीव भांड्यात पडला. म्हणजे काल सगळे उगाच घाबरलो होतो.

खाट दारात दिसताच मुलीचा चेहरा उजळला. तिने चादरीवरून हात फिरवला. उशाशी... मग पायथ्याशी. हात थबकला.

"रिकामी आणलीत..." ती पुटपुटली, आणि मग किंचाळलीच. "काका, माझ्या बाबांना कुठं उतरवलंत?"

बेलीफ तसाच मागे वळला. तो धावत गोदामात गेला. वेड्यासारखा सगळ्या सामानावरून हात फिरवत राहिला. तिथे काहीच नव्हतं, तेलाचा वाससुद्धा नाही.

दुपारी तो घरी पोचला, तर बायको पलंगापाशी घामाघूम उभी.

"बरं झालं आलात. गादी उन्हात टाकायची म्हणतेय, तर तुमच्या बाजूने उचलतच नाही मेली. आणि हा तेलाचा वास कसला हो?"

तिने पुन्हा गादीची कड धरून हिसका दिला.

"हळू!" बेलीफ ओरडला. त्याचा आवाज त्यालाच ओळखू येईना. "हळू... त्यांची पाठ दुखते."