निऱ्या धरणारी

ये नीरजा, बस. चहा मागू नकोस, दूध नासलंय. साडी नेसायला मदत कर म्हणून तुला बोलावलं खरं, पण हॉलवर निघायच्या आधी कालचं ऐकून घे. आणि मध्येच हसू नकोस.

काल संध्याकाळी ऑफिसातून आले आणि दोन्ही साड्या पलंगावर मांडल्या. आपल्या बौद्ध लग्नात पांढरीच, त्यामुळे रंगाची कटकट नाही. एक होणाऱ्या सासूबाईंनी, आयुषच्या आईंनी घेतलेली, जरीची, कडक. दुसरी माझ्या आईची, तिच्या लग्नातली, निळ्या काठाची, धुऊन धुऊन मऊ पडलेली. आई असती तर बोट दाखवून मोकळी झाली असती. खराडीत चौदाव्या मजल्यावर कोणाला विचारणार? समोरच्या फ्लॅटमधल्यांना माझं नावसुद्धा ठाऊक नाही.

शेवटी दीपमाला मावशीला फोन केला.

"ताईचीच नेस गं," ती म्हणाली. "निऱ्या धरायला आहे का कोणी?"

"नाही."

"अगं बाई..." एवढंच म्हणाली.

मी आईची साडी नेसायला घेतली. निऱ्या खोचल्या. खालून कोणी ओढून धरल्या नाहीत तर त्या फुगतात, तुला माहितीये. आई खाली बसायची, एकेक निरी चिमटीत धरून ओढायची आणि वर न बघता म्हणायची, "सरळ उभी राहा."

मी आरशात चेहरा बघत होते. आणि खाली एक निरी ताणली गेली. मग दुसरी... मग तिसरी. अगदी सावकाश. खोलीत वास आला, वंदनेनंतर मेणबत्ती विझवल्यावर येतो तसा. मी मेणबत्ती लावलीच नव्हती.

मी खाली पाहिलं नाही. घाबरून नव्हे गं. पाहिलं तर ती जाईल, म्हणून. आई गेल्यापासून दोन वर्षांत पहिल्यांदा घरात माझं माणूस आहे असं वाटलं. रडलेच मी. म्हटलं, "आई... हीच नेसू ना?"

तेव्हा निऱ्यांना पिन लागली. टक्.

नीरजा, माझी आई पिनांच्या नावाने बोटं मोडायची. कापडाला भोकं पडतात म्हणायची. जन्मात तिने साडीला पिन लावली नाही.

"कोण आहे...?"

पाय उचलायला गेले तर निऱ्या सोडेचना. बाहेर पार अंधार पडला, तेव्हा सुटल्या. पिन काढून पाहिली तर ओली होती, दातांत धरून ठेवल्यासारखी.

बघ, तुझाही चेहरा उतरला. जरीचीच नेस म्हणशील. शहाण्या माणसाने तेच करावं. काल मागाहून तीही नेसून पाहिली मी. निऱ्या फुगल्या, वेड्यावाकड्या झाल्या. आरशात मी एकटीच उभी होते.

आज आयुषकडची बस भरून माणसं येतील. माझ्याकडून तू आणि मावशी. बुद्धमूर्तीपुढे उभी राहीन तेव्हा मला एकटं वाटायला नको. बस, बाकी काही नको. म्हणून आईचीच नेसतेय. निऱ्या धरणारी कोण का असेना.

खाली कशाला बसतेस? ऊठ, तू फक्त पदर बघ. निऱ्या धरल्यात.