चौकटीवरच्या रेघा

वाळवीकाका कुठल्याही घरात शिरले की आधी लाकडाशी बोलायचे, मग माणसांशी. स्क्रूड्रायव्हर उलटा धरून मुठीनं तीनदा ठोकायचं आणि कान लावायचा. भरीव लाकूड 'टक' म्हणतं, पोखरलेलं 'बद्द'. बावीस वर्षं हाच धंदा. पण औषध सोडण्याआधी हात जोडून पुटपुटायचे, "घर मोडतोय तुझं, राग मानू नकोस." लोक हसायचे. काका म्हणायचे, "जीव तो जीव. मुंगीचा काय अन् माझा काय."

त्या दुपारी ज्या घरी गेले तिथला नवरा घड्याळं दुरुस्त करायचा आणि बायको शिवणकाम. तळमजल्यावर दोन खोल्या. मधल्या दाराच्या चौकटीवर मातीची नळी चढलेली, करंगळीएवढी जाड.

"हीच ती," नवरा म्हणाला. "वरचा माळा या चौकटीवर टेकलाय. कधी डोक्यावर कोसळेल सांगता येत नाही."

शिवणयंत्र चालूच होतं. बाईंनी मान वर केली नाही.

काकांनी ठोकलं. बद्द, बद्द, बद्द. आत नुसतं पोकळ. रंगाचा पापुद्रा तेवढा उभा. सोंग म्हणजे सोंग!

मग आतून उत्तर आलं. टक, टक, टक.

काका गालात हसले. वाळवीचे शिपाई धोका कळला की लाकडावर डोकी आपटतात, कोरडे तांदूळ सुपात पडल्यासारखा आवाज होतो. हे त्यांना पाठ होतं. फक्त शिपाई मोजून तीनदा आपटत नाहीत.

त्यांनी दोनदा ठोकलं. आतून दोनदा.

शिवणयंत्र थांबलं.

"दार वाजवल्याशिवाय आत यायची नाही ती," बाई म्हणाल्या. "मी कपडा कापत असले की कात्री हलेल म्हणून."

काकांनी नवऱ्याकडे पाहिलं. तो खाली बघत होता. "आमची मुलगी. जाऊन आठ वर्षं झाली. तापानं गेली."

तेव्हा काकांना चौकटीवरच्या पेन्सिलच्या रेघा दिसल्या. दर वाढदिवसाला उंची मोजलेली, पुढे वयाचा आकडा. तीन, चार, पाच, मग पुन्हा तीन, मग सात.

"हे मधेच तीन?"

"सहा आहे तो." बाईंच्या चेहऱ्यावर पहिल्यांदा ऊन पडल्यासारखं झालं. "पाचव्या वर्षापासून आकडा तीच लिहायची, मला पेन्सिलीला हात लावू द्यायची नाही. सहाचं तोंड कायम उलटं. सहाचा तीन व्हायचा. मी म्हणायचे, अगं, मोठी होतेयस की लहान?"

सातच्या वर पेन्सिल नव्हती. वर मातीची नळी होती, सरळ चढत गेलेली. पण बोटभर, दोन बोटं गेली की तिला एक आडवा फाटा फुटलेला. आखूड, सरळ. परत वर, परत फाटा. काकांनी मोजले. आठ. शेवटचा बाईंच्या कपाळाला येईल एवढ्यावर, आणि त्याची माती अजून ओली.

मातीला रेघा मारता येत नाहीत, काकांनी स्वतःला बजावलं. ओलावा असेल तिकडे वळते ती. आंधळी असते बिचारी.

"तिची पेटी चौकटीला लागूनच होती," बाई सांगत होत्या. "पुस्तकं, फ्रॉक, बाहुलीचं घर. सगळं खाल्लं या वाळवीनं. जिवंतपणी कितीही भरवलं तरी अंगाला लागायचं नाही पोरीच्या. आता लागतंय, काका. बघा ना, केवढी झाली."

नवऱ्याचा बांध फुटला. "ऐकलंत? रात्र रात्र चौकटीशी बसते. जेवत नाही. एक पोर गेली, आता ही पण लाकडात चाललीय. मारा तुम्ही, काका. पाया पडतो."

"दुसऱ्यांदा मरेल हो ती," बाई म्हणाल्या. ओरडल्या नाहीत, हेच वाईट.

काकांना खुर्ची दिली तरी बसवेना. माळ्याकडे पाहिलं; तुळई खरंच चार बोटं खाली आली होती. खाली बाई बसायच्या. मेलेलीसाठी जितीला कसं सोडायचं?

ड्रिल लावलं. भिंतीलगत फूटभर अंतरानं तिरपी भोकं, आणि एक चौकटीच्या पायाशी. त्या भोकातून उबदार, दमट वारा आला. वारुळात ऊब असतेच.

तो थांबून थांबून येत होता.

काकांनी हात जोडले. नेहमीचं वाक्य ओठावर येईना. शेवटी म्हणाले, "पोरी, राग मानू नकोस."

औषध सोडलं.

टक, टक, टक. घाईघाईनं. मग सबंध चौकटभर, वरपासून खालपर्यंत.

मग एकदाच.

मग काही नाही.

बाईंनी यंत्राचं चाक हातानं धरून ठेवलं होतं.

काकांनी पांढऱ्या सिमेंटनं भोकं बुजवली आणि निघताना पहिल्यांदाच मागं वळून पाहिलं नाही. वर्षभर मात्र त्यांना स्वस्थता नव्हती. कुठंही ठोकलं की उत्तराची वाट बघत उभे राहायचे.

वर्षानं तपासणीला जावंच लागतं. माळ्याला लोखंडी टेकू आला होता. चौकट बाईंनी काढू दिली नव्हती, पण मातीची नळी खरवडलेली, फाट्यांचे नुसते तपकिरी वळ राहिलेले. बाई अंगानं भरल्या होत्या, चहा केला, हसल्यासुद्धा. नवरा म्हणाला, "देव पावला. जेवते आता."

काकांनी ठोकलं. बद्द, बद्द, बद्द. आत शांत. काकांनी कितीतरी दिवसांनी मोकळा श्वास सोडला.

"ही उंची कुणाची घेतलीत?" त्यांनी सहज विचारलं. सगळ्यात वरच्या वळाच्या बोटभर वर पेन्सिलची रेघ होती. ताजी.

"कुठली?" नवरा उठून जवळ आला. "पेन्सिल घरात नाहीच. ही खडूनं आखते."

बाई यंत्रात दोरा ओवत होत्या. ऐकलंच नाही जणू.

काकांनी चष्मा लावला. रेघेपुढे आकडा होता, ठसठशीत, पेन्सिल दाबून लिहिलेला.

तेरा.

पोर असती तर आज सोळाची असती.