पंपघराच्या भिंतीवरचे अंगठे

अग्नी आणि तेल यांचं नातं सृष्टीइतकं जुनं आहे. मर्त्य माणसाने त्यात हात घालू नये. गंगापूर रोडवरच्या चैत्रबन सोसायटीत मात्र तो दर रविवारी घातला जाई, पाच लिटरच्या जुन्या कॅनमध्ये.

देवराम माळ्याचं गवत कापायचं मशीन टू-स्ट्रोक होतं. अशा इंजिनाला तेल वेगळं देता येत नाही, पेट्रोलमध्येच कालवून पाजावं लागतं. कमी पडलं तर पिस्टन जाम, जास्त झालं तर नुसता धूर. देवराम मापाच्या वाटेला जात नसे. तेलाची धार सोडायची, कॅन हलवायचा, थेंब बोटांत चोळून हुंगायचा आणि अंगठा पंपघराच्या भिंतीला पुसायचा. अंगठ्याचं टोक कडबाकुट्टीत गेलेलं, त्यामुळे भिंतीवर सगळे अंगठे अर्धेच. तेलाच्या रंगाचे निळसर, एकाखाली एक.

सेक्रेटरी विश्वेश मेकॅनिकल इंजिनिअर, तोही फर्स्ट क्लास. त्याने एकदा तेलाच्या बाटलीवर गुपचूप खुणा करून पाहिल्या. लिटरला बरोबर चाळीस मिली, मशीनच्या माहितीपुस्तिकेत लिहिलंय तेवढंच. पुढच्या रविवारीही तेवढंच. त्यानंतर त्याने आपली पदवी भिंतीवरून उतरवली नाही, पण तिच्याकडे बघणं कमी केलं.

श्रावणात देवराम झोपेतच गेला. बारा दिवस झाल्यावर त्याची बायको कुसाबाई घोटीहून मशीन खांद्याला लावूनच आली.

"चालविते मी. भातात चालवलंय. तेवढं तेल कालवून द्या, साहेब. ते त्यांच्या बोटात व्हतं."

कमिटीला एजन्सी हवी होती. ठरलं असं : एक रविवार बघू. मशीन बंद पडलं, तर कुसाबाईचं काम बंद.

रविवारी सकाळी आठला विश्वेशने पंपघरापाशी दोन लिटर पेट्रोल मोजून कॅनमध्ये ओतलं. माहितीपुस्तिका कुसाबाईला मोठ्याने वाचून दाखवली. तेवढ्यात बी विंगमधून पाण्याची तक्रार आली. ती मिटवून तो परतला, कॅनचं झाकण लावलं, पुस्तिकेबरहुकूम पूर्ण एक मिनिट कॅन हलवला आणि प्रसाद द्यावा तसा कुसाबाईच्या हाती दिला.

नऊला तो घरी चहा पीत होता. खाली मशीन एका सुरात चालू होतं. इतकं गोड की त्याला स्वतःचं कौतुक वाटलं.

पार्किंगमधून बायकोचा, तेजश्रीचा फोन आला. "अरे, तुझी ती तेलाची बाटली गाडीतच आहे. कांद्याच्या पिशवीत."

"दुसरी असेल."

"एकच आणलीस ना? सीलसुद्धा फोडलेलं नाहीये."

विश्वेश जिन्याने धावला. तेलाविना, कोरड्या पेट्रोलवर इंजिन फार तर दहा मिनिटं टिकतं. तासाभरात लॉनचा तीन चतुर्थांश भाग कापून झाला होता. गवतावर निळसर धुराची पातळ पट्टी तरंगत होती.

"बंद करा! बंद करा ते!"

कुसाबाईने मशीन बंद केलं. विश्वेशने पान्याने प्लग काढला. टोक कॉफीच्या रंगाचं. पुस्तिकेत 'उत्तम' लिहून छापतात, अगदी तसं.

"कॅनमध्ये तुम्ही काही घातलंत?"

"मी? तुमी दिलं तेच वतलं. का वो?"

"तेल घातलं होतं का, म्हणून..."

"बराबर हाय की. वास येतोय ना." मग ती जरा थांबली. "लयच बराबर हाय."

विश्वेशने प्लग परत बसवून कॅन उचलला. पेट्रोल निळसर. थेंब बोटांत चोळला. बुळबुळीत.

कुसाबाईच्या दोन्ही हातांत मोजे होते. ती त्याच्याकडे बघत नव्हती.

ती पंपघराकडे बघत होती.

शेवटच्या अंगठ्याखाली आणखी एक होता. ओला.

विश्वेशने आपला अंगठा त्याच्या शेजारी टेकवून पाहिला. पूर्ण उमटला.

कुसाबाईने पदर डोक्यावर घेतला, दोरी ओढली. मशीन पहिल्याच हिसक्यात सुरू झालं.

पुढच्या मीटिंगमध्ये तिचं काम कायम झालं आणि इंधनाच्या अचूक मिश्रणाबद्दल सेक्रेटरींच्या अभिनंदनाचा ठराव एकमताने मंजूर झाला. तेलाची बाटली दुकानदाराने परत घेतली. सील शाबूत होतं.