राणी देसांकाचा झगा

त्या मंगळवारी सकाळी अकरा वाजता प्रमोदिनीबाईंनी खोका उघडला, तेव्हा त्यांच्या मनात वेगळं असं काही नव्हतं. जुनं कापड दुरुस्त करणं हे त्यांचं रोजचंच काम. दुबई इन्व्हेस्टमेंट्स पार्कातल्या एका गोदामाच्या मागच्या अंगाला त्यांची खोली होती. तिला खिडकी नव्हती, चोवीस तास एसी घुमत असायचा आणि दिवे कुणी हाललं तरच लागायचे. बाहेर जूनचं ऊन डांबर मऊ करत असायचं आणि आत बाई खांद्यावर शाल घेऊन सुई चालवत असायच्या. बावीस वर्षांत पैठण्यांपासून अरब अंगावर पांघरतात त्या जरीकाठी बिश्तांपर्यंत काय काय त्यांच्या हाताखालून गेलं होतं.

खोक्यात पांढऱ्या कागदाच्या घड्यांमध्ये एक झगा होता. हस्तिदंती रंगाचं रेशीम, गळ्यापासून कमरेपर्यंत मोत्याएवढी बटणं, मनगटाशी जाळीदार लेस. शहनाझ, बाईंची मदतनीस, रत्नागिरीकडची पोर, तिनं तो दोन्ही हातांवर अलगद उचलला.

"या अल्ला, बाई, किती सुंदर..." आणि तिचे हात थांबले. "बाई, हे काय हो?"

पाठीवर सात. पोटावर दोन. कसरीनं खाल्लेलं कापड, घडीवर विरलेलं कापड आणि पात्यानं भोसकलेलं कापड यांतला फरक प्रमोदिनीबाईंना डोळे मिटून नुसत्या बोटांनी सांगता आला असता. छेदांच्या कडा स्वच्छ होत्या. प्रत्येकाभोवती कुणीतरी घासघासून धुतलेला फिकट तपकिरी डाग होता. धुऊनही तो गेला नव्हता.

दुपारी वासुदेवसर आले. मूळचे कोल्हापूरचे, कॉन्ट्रॅक्टिंगमध्ये नाव काढलेले, हे गोदाम त्यांचंच. अलीकडे त्यांना जुन्या वस्तूंचा नाद लागला होता. महिनाअखेर अबुधाबीत त्यांचं मोठं प्रदर्शन होतं. विषय होता बाल्कनमधली राजघराणी.

"ताई, तिकडचे राजे म्हणजे काय विचारू नका," खुर्ची ओढत ते रंगात येऊन सांगू लागले. "एकोणीसशे तीन साली बेलग्रेडमध्ये राजाराणीला त्यांच्याच ऑफिसरांनी मारलं. ग्रीसचा राजा फिरायला निघाला, त्याला रस्त्यात गोळी घातली. अल्बेनियाला जर्मनीहून राजा आणला, तो सहा महिन्यांत पळाला. आणि हे व्रानोव्हा. दोन डोंगरांमधलं चिमुकलं राज्य, आता नकाशावर पण नाही. तिथल्या राणी देसांकाचा हा झगा."

"ती कशी गेली?"

"वेड लागलं होतं तिला. एकोणीसशे सहा साली राजवाड्याच्या गच्चीवरून उडी मारली. मग दुसरं घराणं गादीवर आलं. सगळं कॅटलॉगमध्ये आहे."

"उडी मारली तर पाठीवर सात भोसके कसे पडतात, सर?"

वासुदेवसर हसले. "तेच तर काम आहे. त्या दुसऱ्या घराण्याचे नातू उद्घाटनाला येतायत. निम्म्या वस्तू त्यांनीच दिल्यात. त्यांच्या आजोबांकडे बोट दाखवणारं काही दिसायला नको. तुम्ही असा शिवा की लोकांना लग्नाचा ड्रेस वाटला पाहिजे. शनिवारी शूट आहे, माझी मिहिकाच घालणार आहे. यल्ला, लागा कामाला."

"इतकं जुनं रेशीम कुणी अंगावर घालतं का? आणि हे छेद..."

"ताई," ते उठता उठता म्हणाले, "शंभर वर्षांपूर्वीचं आहे. कोण विचारतंय?"

कोण विचारतंय! प्रमोदिनीबाईंच्या तळपायाची आग मस्तकात गेली. हेच शब्द त्यांनी चौदाव्या वर्षी ऐकले होते, कराडला, थोरल्या बहिणीच्या सासरच्या अंगणात. अर्चनाताई स्वयंपाकघरात जळाली. स्टोव्हचा भडका झाला, असं सासरच्यांनी सांगितलं. पोलिसांनी तेच लिहून घेतलं आणि वडिलांनी खाली मान घालून सही केली. छोट्या प्रमोदिनीनं मात्र पाहिलं होतं, ताईची साडी पाठीकडून जळाली होती. स्टोव्ह काय पाठीमागून पेटतो? तिनं एकदा विचारलं, तर काकांनी तोंडावर हात ठेवला. ती साडी त्याच संध्याकाळी मागच्या परसात जाळून टाकली. चाळीस वर्षं तो हात बाईंच्या तोंडावर होता.

तरी त्या शिवायला बसल्या. नवऱ्याची, भानुदासरावांची, बायपास झाल्यापासून त्यांचा व्हिसाही बाईंच्याच नोकरीवर होता. राग गिळायची सवय बाईमाणसाला लावावी लागत नाही.

तिन्हीसांजेपर्यंत तीन छेद बंद झाले. टाके इतके बारीक, की शहनाझलाही शोधून सापडेनात.

बुधवारी सकाळी तिन्ही उघडे होते.

धागा कापलेला नव्हता. तुटलेलाही नव्हता. टाका टाका उसवून, सरळ करून, छेदाच्या शेजारी नीट ठेवलेला होता. बाईंनी तो उचलला. ओला होता.

"शहनाझ, कुणी हात लावला?"

"चावी तुमच्याकडंच होती ना, बाई..."

बाई पुन्हा बसल्या. या वेळी धागा दुहेरी घेतला. खोलीत एसीच्या घुमण्याशिवाय आवाज नव्हता. थोड्या वेळानं एक वास आला, मेणबत्ती नुकतीच फुंकली की येतो तसा, आणि त्याच्या पोटात लोखंडाचा वास. टोकाच्या कपाटांच्या रांगेतला दिवा आपोआप लागला. तिथं कुणी नव्हतं. तो विझला. मग त्याच्या अलीकडचा लागला. मग त्याच्या अलीकडचा. कुणीतरी अगदी सावकाश, थांबत थांबत, टेबलाकडे चालत येत होतं.

"बाई..." शहनाझ पुटपुटली.

"गप. बघू नकोस तिकडं."

डोक्यावरचा दिवा तर आधीपासून लागलेलाच होता. त्यामुळे ते जे काही होतं, ते आलं की थांबलं, हे कळायला मार्ग नव्हता. बाईंनी पुन्हा पहिल्याच छेदात सुई घातली.

"सीऽऽ..."

दुखऱ्या जागी बोट लागलं की बाई दातांतून श्वास ओढते, तसा आवाज. अगदी कानाशी. बाईंनी सुई पुढे काढली. पुन्हा तसाच. टाक्यागणिक तसाच. पाचव्या टाक्याला प्रमोदिनीबाईंनी सुई टेबलावर टाकली आणि हात मागे घेतले. आपण कापड शिवत नाही आहोत, हे त्यांना कळलं होतं.

भीती वाटली का? वाटली. पण त्या भीतीच्या खालून जे उसळून आलं, ते फार जुनं होतं.

गुरुवारी त्या वासुदेवसरांच्या केबिनमध्ये उभ्या राहिल्या. "हे मी शिवणार नाही. त्या बाईला मारलंय. मारून वर वेडी ठरवलंय. तिच्या बाजूनं बोलणारं एवढं एकच कापड उरलंय, आणि त्याचं तोंड मी शिवायचं?"

"ताई, इमोशनल होऊ नका..."

"इमोशनल नाही, संतापले आहे मी. दोन्हींत फरक आहे."

सरांचा चेहरा बदलला. "ठीक आहे. खलास. दुसरा माणूस बघतो. तुमचं काय करायचं ते प्रदर्शनानंतर ठरवू."

त्याच दुपारी झगा गेला. कुठल्याशा टेलरकडून नायलॉनचा दोरा घालून मशीनवर नऊच्या नऊ छेद बंद करून आणल्याचं ड्रायव्हर अजीज सांगत होता. आणि शुक्रवारी संध्याकाळी डिस्कव्हरी गार्डन्समधल्या घरी बाई भाजी निवडत असताना मिहिकाचा फोन आला. वासुदेवसरांची ही एकुलती एक लेक. लहानपणापासून तिचे नाचाचे पोशाख बाईंनीच शिवले होते.

"मावशी, आय ट्राइड दॅट ड्रेस टुडे. इट्स... सम्वन वॉज ब्रीदिंग. राइट इन माय इअर. बाबा म्हणतात नर्व्हस आहेस. कॅन यू कम टुमॉरो? प्लीज?"

"घालू नकोस तो, बाळ."

"बाबा वोन्ट लिसन."

शनिवारी दुपारी बारा वाजता प्रमोदिनीबाई आणि शहनाझ अबुधाबीला, अल रीम आयलंडवर सरांच्या एकतिसाव्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये पोचल्या. भर उन्हात समुद्र पत्र्यासारखा तळपत होता. हॉलमध्ये प्रणव नावाचा फोटोग्राफर तिकाटण्यावर कॅमेरा लावत होता. आणि गॅलरीच्या बंद काचेला पाठ करून मिहिका उभी होती. झग्यात. ताठ. ओठ पांढरे पडलेले.

"हे बघा, किती छान दिसतेय," वासुदेवसर बाईंना म्हणाले. "उगाच घाबरवत होतात तुम्ही."

"सर, तिचा श्वास बघा."

मिहिकाची छाती हालतच नव्हती. "मावशी..." ती कुजबुजली, "आय कान्ट... इट्स गेटिंग टायटर..."

शहनाझ धावली, बटणांना भिडली. एकही निघेना. नखं तुटली, तरी निघेना. शिवलेले छेद आकसत चालले होते, दोरा रेशमात रुतत होता, रेशीम पोरीच्या अंगात. मेणबत्तीचा वास आला. इतक्या लख्ख उन्हात हॉल एकाएकी तळघरासारखा गार झाला. आणि मिहिकाच्या मागची ती जड काच, जी उघडायला दोन माणसं लागत, ती आपली आपण सरकली. बाहेरचा दमट, तापलेला वारा आत आला. पोर एक पाऊल मागे गेली. मग आणखी एक.

"मिहिका, इकडे ये!" सर ओरडले.

"मी नाही चालत आहे, बाबा..." ती रडत म्हणाली. "कोणीतरी ओढतंय..."

सरांनी आणि प्रणवनं तिचे हात धरले. दोन बाप्ये माणसं, पण तिघंही फरशीवरून गॅलरीकडे घसरू लागले. तिची पाठ कठड्याला टेकली.

प्रमोदिनीबाईंनी पर्समधली कात्री काढली. त्या पोरीसमोर गुडघ्यांवर बसल्या आणि पोटावरचा पहिला शिवलेला छेद त्यांनी कचकन उसवला.

"सीऽऽ..."

"माहीत आहे मला!" त्या ओरडल्या. आवाज त्यांना स्वतःलाच ओळखू येईना. "माहीत आहे दुखतंय! तू वेडी नव्हतीस. तू उडी मारली नाहीस. तुला भोसकलं आणि मग ढकललं! पण ह्या लेकरानं काय केलंय तुझं? ज्यांनी तोंड शिवलं त्यांच्यावर राग काढ!"

दुसरा छेद. मग पाठीवरचे, हात घालून, अंदाजानं. तीन, चार, पाच. प्रत्येक उघडला की पोरीला घोटभर श्वास मिळत होता. पण सरकणं थांबत नव्हतं. मिहिकाच्या टाचा फरशीवरून उचलल्या गेल्या.

बाईंनी मान वर करून सरांकडे पाहिलं. "तुम्ही बोला."

"क... काय?"

"जे झालं ते! तोंडानं बोला, नाहीतर पोर जाईल!"

"तिला... तिला मारलं," वासुदेवसर फुटक्या आवाजात म्हणाले. "नऊ वार केले. मग... खाली टाकलं. मला माहीत होतं. मूळ कागदांत होतं. मी ते काढून टाकलं... मी..."

नववा छेद उघडला. बटणं तडतडत फरशीवर विखुरली आणि मिहिका बाईंच्या अंगावर कोसळली. झग्याच्या आत, तिच्या गोऱ्या पाठीवर आणि पोटावर, नऊ लालभडक रेघा उठल्या होत्या. रक्त मात्र कुठंच नव्हतं.

प्रमोदिनीबाई तिला मांडीवर घेऊन बसल्या होत्या आणि ढसाढसा रडत होत्या. त्या मिहिकासाठी रडत नव्हत्या, देसांकासाठीही नाही. चाळीस वर्षं त्यांच्या तोंडावर असलेला हात निघाला होता.

प्रदर्शन झालं. झगा छेदांसकट काचेत उभा राहिला, कारण मिहिकानं बापाला तशी अटच घातली. खाली पाटी होती: 'राणी देसांका. हत्या, १९०६.' दुसऱ्या घराण्याच्या त्या नातवानं ती वाचली, आपल्या वस्तू परत मागितल्या आणि निघून गेला. बाईंच्या नोकरीचा विषय सरांनी पुन्हा काढला नाही. ते आजकाल गोदामाकडे फिरकतच नाहीत. अल रीमचा फ्लॅटही त्यांनी सोडला आणि एक बैठा व्हिला घेतला.

मागच्या आठवड्यात प्रणव बाईंना भेटायला आला. त्यानं खोलीचं दार लावून घेतलं.

"मावशी, त्या दिवसाचं कार्ड मी परवा उघडलं. शेवटचा फोटो मी काढलेला नाही. माझे दोन्ही हात मिहिकाला धरण्यात गुंतले होते. कॅमेरा हॉलमध्येच तिकाटण्यावर होता."

त्यानं फोन पुढे केला.

फोटो हॉलमधून काढलेला नव्हता. तो बाहेरून होता, गॅलरीच्या पलीकडून, जिथं एकतिसाव्या मजल्यावर नुसती हवा आहे तिथून, खालून वर बघत. फोटोच्या मधोमध कठड्याची पट्टी दिसत होती, आणि तिच्यावर बाहेरून लटकणाऱ्या कुणाचीतरी, जणू फोटो काढणारीचीच, बोटं. आठ. आवळून धरलेली, पेरं पांढरी पडलेली.

काचेच्या कठड्याच्या आत ते सगळे होते. प्रमोदिनीबाई छेद उसवत होत्या, शहनाझ रडत होती, प्रणवनं डोळे घट्ट मिटून घेतले होते, आणि मिहिका पाठमोरी होती.

एकटे वासुदेवसर सरळ फोटोत बघत होते. त्यांचा एक हात लेकीच्या दंडावर होता. दुसरा त्या बोटांवर होता. आणि तो ती बोटं एकेक करून सोडवत होता.