दोघांपैकी एक हजर

"परत खेळतेय बघा! सकाळी नऊपासून नुसती खेळतेय. कवळ्या काय झाडाला लागतात का हिच्याकडे?"

पाण्याच्या यंत्रापाशी उभा राहून तो हे बोलत होता. स्वतःशीच, पण शेजारच्याला नीट ऐकू जाईल अशा आवाजात. एका हातात भरत आलेली बाटली, दुसऱ्या हातात फोन. आणि त्याच्या कोपराशी आपली रिकामी बाटली धरून जी उभी होती, ती दुसरीतिसरी कुणी नव्हती. जिच्या नावाने हे चाललं होतं, तीच होती.

तिने मान लांब करून त्याच्या फोनमध्ये पाहिलं. 'दातवाली.' शेजारी हिरवा ठिपका. आणि खाली एक ओळ: 'खेळत आहे: वरचा जबडा. २ तास १२ मिनिटं.'

"भुताखेतांचा खेळ दिसतोय," तो पुटपुटला.

"भुताचा नाही, एका आजींचा आहे," ती म्हणाली. "पुढचे दोन दात जरासे बाहेर ठेवायचेत. त्यांचे पूर्वी तसेच होते, त्यांना तसेच हवेत."

त्याने वळून पाहिलं. समोर शांत डोळ्यांची एक मुलगी, नाकाच्या शेंड्यावर प्लास्टरचा पांढरा ठिपका... पाणी बाटलीतून बाहेर येऊन आपल्या बुटात चाललंय, हे त्याच्या गावीही नव्हतं.

"बाटली," ती म्हणाली.

"हो," तो म्हणाला, आणि नळाऐवजी फोन बंद केला.

त्या मजल्यावर चारच दुकानं. टोकाला दातांची प्रयोगशाळा. तिथे ती कवळ्या बनवायची, आधी संगणकावर एकेक दात बसवून आणि मग हाताने घासूनपुसून. तिच्या भिंतीला भिंत लावून आत्याबाईंचं कानयंत्रांचं दुकान. समोर शिंपी आणि झेरॉक्सवाला. एकमेकांकडे गिऱ्हाईक पाठवायला बरं म्हणून चौघांनी गप्पांच्या अ‍ॅपवर एक गट केला होता. अ‍ॅप निवडलं झेरॉक्सवाल्याने, आणि तो पडला खेळांचा शौकीन. त्यामुळे अ‍ॅपही असं की कोण काय खेळतंय ते आधी सांगणार, बाकीचं जग मग. आत्याबाईंच्या डोळ्यांचं ऑपरेशन झालं, तेव्हा बारीक काम करायला त्यांचा भाचा तीन महिन्यांसाठी आला आणि 'कानवाला' या नावाने गटात दाखल झाला. त्याला येऊन आठवडा होत नाही, तोवर पाण्याच्या यंत्रापाशी हा प्रकार.

दुपारी तो प्रयोगशाळेच्या दारात आला. एक बूट अजून ओला. माफी मागायची की दुरुस्ती करायची, हे त्याचं ठरलेलं दिसत नव्हतं.

"हे... तुम्ही केलंत कसं?"

"मी कुठे काय केलं? त्यानेच विचारलं, 'तुमचा खेळ दिसत नाही? इथे जोडा.' खाली यादीत माझा दातांचा प्रोग्रॅम होता. मला वाटलं, काय काम चाललंय ते विचारतोय. जोडला. मग नाव विचारलं, तर जे चाललं होतं ते लिहिलं."

"वरचा जबडा."

"मग काय, खालचा लिहू? खालचा गुरुवारी होता."

तो हसला. त्याचं हसणं जरा उशिरा यायचं, पण आलं की डोळ्यांपर्यंत पोचायचं. स्टूल ओढून तो तिच्या संगणकाशी बसला. तिने घासायचं यंत्र बंद केलं, तशी खोली एकदम गप्प झाली. खिडकीवर पावसाची बारीक भुरभुर चालली होती, तेवढीच काय ती ऐकू यायला लागली.

"हे बघा. सेटिंग. त्यात हे 'माझे खेळ'. जबड्यापुढची ही फुली दाबली... की गेला जबडा. आणि हे बटण. हे बंद केलं, की तुम्ही काय करताय ते कुणालाच दिसणार नाही."

"कुणालाच?"

"कुणालाच." तो थांबला. बटणावरचं त्याचं बोट तिथेच राहिलं. "चालू ठेवलंत तरी हरकत नाही म्हणा. म्हणजे... एखादा खरा खेळ असेल तर."

"माझ्याकडे कुठला आलाय खरा खेळ?"

"माझ्याकडे आहे एक. पण एकट्याने खेळताच येत नाही." त्याने कानाची पाळी चोळली. "दुकानात कुणाला विचारलं नाही अजून."

"दुकानात तुमच्याशिवाय फक्त आत्याबाई आहेत."

"तेच तर!"

बटण चालूच राहिलं.

खेळाचं नाव 'दोन वल्ही'. एक होडी, एक नदी. एकाच्या हातात डावं वल्हं, दुसऱ्याच्या हातात उजवं. बास, एवढंच. दोघांचा मेळ जमला तर होडी पुढे जाते, नाही तर लव्हाळ्यात जाऊन रुतते. जेवणाची सुट्टी एक ते दोन. ती डबा संपवून आपल्या संगणकावर होडी उघडायची. गटात तिच्या नावाखाली ओळ उमटायची: 'खेळत आहे: दोन वल्ही. दोघांपैकी एक हजर.' आणि त्याखाली छोटं बटण: 'सामील व्हा.' मिनिटभरात ओळ बदलायची: 'दोघांपैकी दोघं हजर.'

मग भिंतीला तोंड फुटायचं.

"डावीकडे घ्या!" भिंतीपलीकडून तो ओरडायचा.

"तुमच्या डावीकडे की माझ्या?"

"होडीच्या!"

"होडी उलटी फिरलीय!"

"कुणामुळे?"

"दात मोजत बसले होते. आता वल्हवते, गप्प बसा!"

एकदा लव्हाळ्यात अडकून दोघं नुसतेच बसले होते. तो भिंतीपलीकडून म्हणाला, "तुम्ही कवळी घासताना गुणगुणता."

"यंत्राच्या आवाजात? तुम्हाला कसं ऐकू आलं?"

"कानवाला आहे मी."

तिने नुसतं वल्हं मारलं. पण दुसऱ्या दिवशी कवळी घासताना गुणगुणणं जरा सुरात आलं, एवढं खरं.

मजल्यावर हे कुणाला कळलं नव्हतं असं नाही. ओळ सगळ्यांनाच दिसत होती. शिंपी एक वाजला की मशीन हळू चालवायचा. आत्याबाई काळा चष्मा लावून कोपऱ्यात बसायच्या आणि म्हणायच्या, "मला बाई काही दिसत नाही." ऐकू मात्र त्यांना सगळं यायचं. पण बोललं कुणीच नाही. आणि ती दोघं तर बोलायची फक्त वल्ह्यांविषयी.

होता होता तीन महिने संपत आले.

एका सोमवारी होडी अगदी सरळ चालली होती. आजवर इतकी सरळ कधीच चालली नव्हती. तेव्हा तो म्हणाला, "एक मोठं इस्पितळ आहे, लांब. तिथे जागा निघालीय. शुक्रवारी पाचपर्यंत कळवायचंय."

तिचं वल्हं एक ठोका चुकलं.

"अरे वा," ती म्हणाली. "छान."

तोंड भरून छान म्हणाली ती. आणि त्या दुपारी एका गिऱ्हाइकाच्या कवळीत दाढेच्या जागी सुळा बसवून मोकळी झाली.

आत्याबाईंनीही छानच म्हटलं. "माझी काळजी नको करूस हं, मला आता स्वच्छ दिसतं," असं म्हणत त्यांनी कॉफी ओतली. कपात नाही, बशीत. त्याने फडक्याने टेबल पुसलं. पोराच्या वाटेत आपण कशाला आडवं यायचं, म्हणून आत्या गप्प. आपण कोण लागून गेलो त्याला थांबवणाऱ्या, म्हणून ही गप्प. आणि कुणी थांब म्हणत नाही, म्हणून तोही गप्प.

मंगळवारी एक वाजता तिने गट उघडला. त्याच्या नावाशेजारी हिरवा ठिपका होता. खालची ओळ नव्हती. बुधवारीही नव्हती, गुरुवारीही नव्हती. ते बटण... कुठे असतं ते तिला नीट माहीत होतं. त्यानेच तर शिकवलं होतं.

शुक्रवारी साडेबाराच्या सुमारास पंचकाका आले. आयुष्यभर मैदानावर शिट्टी फुंकून दात आणि कान दोन्ही गमावून बसलेला माणूस. त्यांच्या नव्या कवळीतून बोलताना शिट्टी वाजायची.

"सगळी हयात शिट्टी वाजवली, आता साधं सरबत मागितलं तरी वाजते!" ते कुरकुरले. "पोरी, काहीतरी कर गं. परवा रस्त्यात एक माणूस दचकून जागीच उभा राहिला."

तिने पुढचे दोन दात केसभर मागे घेतले, त्यांच्याकडून दहा वेळा 'सरबत' म्हणवून घेतलं आणि त्यांना शेजारी पाठवलं. नवं कानयंत्र आज त्यांना मिळणार होतं.

एक वाजला. तिने डबा उघडला, तसाच मिटला. होडी उघडली.

'खेळत आहे: दोन वल्ही. दोघांपैकी एक हजर.'

एकट्याने वल्हवलं की होडी पुढे जात नाही, जागच्या जागी गोल फिरते. तिला ते ठाऊक होतं. तरी ती वल्हवत राहिली. चुळुक... चुळुक... पाच मिनिटं, वीस मिनिटं. ओळ सगळ्या मजल्याला दिसत होती. शिंप्याला, झेरॉक्सवाल्याला, आणि काळ्या चष्म्याआडून आत्याबाईंनाही. लाज वाटत होती तिला. बटण बंद करायला एक क्षण पुरला असता.

तिने केलं नाही. दिसू दे, म्हणाली.

भिंतीपलीकडे त्याचा आवाज आला, कामाचा, कोरडा. "काका, आता बोला. काय काय ऐकू येतंय?"

"तुझी खुर्ची करकरतेय. आत्याबाईंच्या बांगड्या." पंचकाका थांबले. नवा कान त्यांनी भिंतीकडे वळवला असावा. "आणि पलीकडे कुणीतरी होडी वल्हवतंय. चुळुक, चुळुक. मघापासून एकच वल्हं. दुसरं कुठे गेलं रे?"

खुर्चीची करकर थांबली.

"अहो, तुम्ही गप्प बसा हो," आत्याबाई म्हणाल्या. पण त्यांच्या आवाजात राग नव्हता.

खुर्ची पुन्हा करकरली. मग पावलं. मग दारात तो. बाहेरच्या उजेडात खिडकीशी पाठमोरी बसलेली ती, आणि पडद्यावर आपल्याच भोवती फिरणारी होडी.

"सत्तेचाळीस मिनिटं," तो म्हणाला. "एका वल्ह्याने होडी गोल फिरते."

"माहीत आहे."

"मग थांबायचं ना."

"थांबलेच तर आहे."

तो आत आला. स्टुलावर बसला नाही, नुसता त्यावर हात ठेवून उभा राहिला.

"तुम्ही बटण बंद केलंत," ती म्हणाली. मान वर न करता.

"केलं. कारण... मीही रोज एक वाजता होडी उघडत होतो. माझी वेगळी. आवाज बंद करून. तुमच्या होडीत आलो असतो, तर इस्पितळाला होकाराचं पत्र लिहून झालं नसतं."

"झालं लिहून?"

"झालं. नुसतं पाठवायचं राहिलंय." त्याने ओठ मिटले, पुन्हा उघडले. "आत्या म्हणाली छान. घरचे म्हणाले छान. तुम्हीही छान म्हणालात. म्हटलं, एवढी सगळी माणसं म्हणतायत तर..."

तिने हातांकडे पाहिलं. नखांत प्लास्टर, बोटांवर प्लास्टर. भिंतीपलीकडे चिडीचूप. समोरच्या दुकानात शिंप्याचं मशीनही थांबलेलं. भिंतीला या क्षणी कुणाकुणाचे कान लागलेत, हे तिला न बघता कळत होतं. त्यातले दोन तर अगदी नवे कोरे.

लागू देत, तिच्या मनात आलं.

ती उठली, त्याच्याकडे सरळ पाहिलं आणि बोलली. कानयंत्राशिवायही ऐकू जाईल अशा आवाजात.

"छान नाहीये. अजिबात छान नाहीये. जाऊ नकोस."