अडकित्ता घरीच राहिला

बूट कठड्याशी जोडून ठेवलेले होते, लेस आत खोचलेल्या. पलीकडे लोणारच्या सरोवराचा तुटलेला उतार आणि खोल खाली हिरवं खारं पाणी.

बाभळीच्या सावलीत पांढरी कार उभी होती. किल्ली आत, पुढच्या सीटवर मोबाइल.

"दयारामभाऊची गाडी हाये साहेब. कृषी केंद्रवाले," हवालदार हिंमतराव म्हणाले. "बकऱ्या चारणाऱ्यानं पाह्यली आन् ठाण्यात पळत आला."

ठाणेदार सहदेव गाडीभोवती फिरले. पुढच्या काचेवर मेलेले किडे चिकटले होते, वायपरखाली तर थरच साचला होता. त्यांनी मोबाइल उचलून पाहिला. लॉक होता.

"हा बुलढाण्याला सायबरवाल्यांकडे पाठवा."

तेवढ्यात एक माणूस मोटारसायकल टाकून धावत आला आणि बुटांपाशी बसकण मारून रडू लागला. गोकुळ. दयारामच्या वारलेल्या बायकोचा भाऊ. दुकानाचं गोदाम तोच सांभाळायचा.

"दाजी! असं काऊन केलं हो दाजी!"

सहदेवांनी त्याला थोडं रडू दिलं. मग विचारलं, "शेवटचे कधी भेटले तुला?"

"काल सांजच्याले, दुकानात. मंग मी घरीच होतो. आता फोन आला तसा सरळ इकडंच आलो."

"काही बोलले?"

"काय बोलतीन साहेब? बोगस बियाण्याची चौकशी मागं लागली. लोकायचं सोयाबीन उगवलंच नाई, आन् पाटीवर नाव त्यायचं. उद्या जबाब होता. इज्जतदार माणूस, नाई झालं सहन." त्यानं नाक पुसलं. "मायी बहीण गेल्यापासून तिचा अडकित्ता खिशात असल्याबिगर उंबरा नाई ओलांडला त्याईनं. तोच घरी ठेवून गेले. म्हणजे वापस याचंच नव्हतं."

त्याचा फोन वाजला. नंबर बघून तो दोन पावलं बाजूला सरकला.

"हो... हो, हाये ना माह्यापाशी. फिकर नका करू." त्यानं फोन खिशात टाकला.

"कोण होतं?"

"गिऱ्हाईक. औषधाचा डबा दुकानात विसरलं. लोकाईले काय, त्यायचा डबा महत्त्वाचा!"

वनखात्याची माणसं उतारावरून खाली उतरू लागली होती. सहदेव जीपमध्ये बसले.

दयारामच्या घरी त्याची म्हातारी आई, रुखमाबाई, भिंतीला टेकून बसली होती. सहदेवांनी सांगितल्यावर ती रडली नाही. नुसती मान हलवत राहिली.

"मले पहाटीच समजलं होतं बापा. देवापाशी गेली, त् अडकित्ता तिथं. माह्या काळजात चर्र झालं."

कोनाड्यात दयारामच्या वारलेल्या बायकोचा, सत्यभामाबाईंचा फोटो होता. फोटोपुढे घडी घातलेला स्वच्छ रुमाल, आणि रुमालावर पितळी अडकित्ता. मूठ वापरून गुळगुळीत झालेली.

"कोणाला सांगितलं हे?"

"कोणाले सांगू? तुमी त् पह्यले आले. गोकुळ बी नाई आला अजून."

"दयाराम घरातून कधी गेले?"

"अंधार होता. भाईर कोणीतरी हाक मारली, मंग दार वाजलं. आवाज कोणाचा, ते नाई समजलं. कान गेले माहे."

"गाडी घेऊन गेले?"

"हो. कालच धुतली होती. त्याले गाडी लखलखीत लागते."

"काल काही वेगळं बोलले का?"

म्हातारीनं आठवून पाहिलं. "फोनवर कोणाशी बोलत होता. म्हणे, उद्यापर्यंत स्टेटस नाई वाचलं त् समदं गेलं. ते स्टेटस का काय असते बापा?"

हिंमतरावांनी लगेच आपला मोबाइल काढला. "पाहतो साहेब. त्याईच्या व्हॉट्सॲपवर काईच ठेवलेलं नाई." मग हळूच म्हणाले, "मायी बायको रोज चार-चार स्टेटस ठेवते. चोवीस तासात सारे जातात. त्याच्यापायी कोणी जीव देते का?"

"स्टेटस म्हणजे इज्जतही असते, हिंमतराव."

असं म्हणाले खरे, पण सहदेवांचं मन त्यात नव्हतं. ते अडकित्त्याकडे बघत होते. ज्यानं जीव द्यायचा, त्यानं रुमालाची घडी कशाला घालावी?

दुकानात दयारामचा भागीदार अर्जुनराव एकटाच बसला होता. दोघांचं आठवड्यापूर्वी दारातच भांडण झालेलं. बाजारातल्या सगळ्यांनी ऐकलं होतं.

"तुम्ही त्यांना धमकी दिली होती?"

"देल्ली. लपवत नाई. म्हणलं, तू चौकशीत खरं बोलशीन त् दुकानाले टाळं लागन. तो म्हणे, लागू दे."

"खरं म्हणजे काय?"

"त्यानं सांगतलं नाई. म्हणे, ज्याचं नाव घ्याचं त्याले आधी घरात सांगीन, मंग साहेबाले. मी ओरडलो, साहेब. पण मी मारीन त्याले? पाठचे भाऊ नसलो तरी एका ताटात जेवलो आमी."

"आज पहाटे कुठं होतात?"

"घरी. नातू तापानं फणफणला होता, रात्रभर डॉक्टरकडं. विचारा पाह्यजे तं."

बाहेर गोकुळ अर्जुनरावच्या पिकअप गाडीत बसत होता. हातात मोठा थर्मास.

"छकुलीले आणाले जातो साहेब," तो म्हणाला. छकुली म्हणजे दयारामची मुलगी. छत्रपती संभाजीनगरला कॉलेजात शिकत होती. "फोनवर कसं सांगू लेकराले, बाप गेला म्हणून? समोर बसून सांगतो. चहा घेतला तिच्यासाठी, रस्त्यानं धीर येईन."

सहदेवांना बरं वाटलं. कुणीतरी पोरीचा विचार करत होतं. "सावकाश जा," ते म्हणाले.

दुपार कलली. पाण्यात काही सापडलं नाही. सहदेव पुन्हा दयारामच्या ओसरीवर येऊन बसले, अडकित्ता हातात घेऊन.

त्यांची बायको जाऊन दोन वर्षं झाली होती. तिचा चष्मा त्यांच्या कपाटात होता. बदली झाली की तो आधी पेटीत जायचा, कपड्यांच्या मधोमध, फुटू नये म्हणून. मरायला निघालेला माणूस अशी वस्तू सोबत नेईल. ठेवून जाईल तो परत येणारा माणूस. ती हरवू नये म्हणून ठेवेल.

पण हरवेल कुठं? कोण घेईल?

त्यांनी छकुलीला फोन लावला.

"बेटा, मी लोणारहून ठाणेदार बोलतोय. बाबा अडकित्ता घरी ठेवून कधी जातात?"

"विमानानं जाताना, काका. एकदा विमानतळावर तपासणीत काढून घेतला होता. बाबा रडकुंडीला आले होते, तेव्हा कसाबसा परत मिळाला. का? बाबा कुठं गेलेत?"

सहदेव उठून उभे राहिले.

"बाबांचं विमान कंपनीत काही स्टेटस आहे?"

"गोल्ड कार्ड आहे. वर्षभरात ठरावीक पॉइंट झाले तर टिकतं, नाहीतर जातं. आज मार्चची शेवटची तारीख ना! पैसे देऊन पॉइंट मिळत नाहीत, स्वतः उडावं लागतं. मी म्हणत होते सोडा तो नाद, म्हणून मला सांगितलं नसेल त्यांनी."

"गोकुळमामा येतोय तुला घ्यायला. चहा घेऊन."

"मामा? मला तर काही बोलला नाही. आणि मी चहा पीतच नाही, काका."

सहदेवांनी फोन ठेवला.

"हिंमतराव, जीप काढा! माणूस मेलेला नाही. अजून मारायचाय."

वाटेत त्यांनी छत्रपती संभाजीनगरच्या विमानतळावरच्या पोलिसांना फोन केला. उलट फोन येईपर्यंत लोणार बरंच मागं पडलं होतं. दयाराम पहाटे दिल्लीला गेला होता, तिथून मुंबईला. मुंबईहून येणाऱ्या संध्याकाळच्या विमानात त्याचं नाव होतं. खाली सरोवराच्या काठी माणसं त्याला शोधत होती, आणि तो आभाळात होता.

"साध्या कपड्यात माणसं ठेवा. पिकअप गाडीवर नजर ठेवा. दयारामला कुणी दिलेलं काही पिऊ देऊ नका."

"आन् आपण पोचाच्या आधीच विमान उतरलं तं?" हिंमतरावांनी विचारलं.

जालन्याच्या अलीकडे ट्रकांची रांग लागली होती. हिंमतरावांनी जीप रस्त्याखाली घातली.

ते पोहोचले तेव्हा लोक सामान ओढत बाहेर पडत होते. दयाराम पिकअपपाशी उभा होता. बिनलेसचे बूट, खांद्याला लहानशी बॅग, चेहऱ्यावर दमलेलं हसू. गोकुळनं थर्मासच्या झाकणात चहा ओतला.

"दमले असान दाजी. घ्या, गरम हाये."

दयारामनं हात पुढं केला. साध्या कपड्यातला पोलीस हलला, पण सहदेव त्याच्या आधी पोहोचले. त्यांनी झाकण मधेच धरलं.

"गोकुळ, दिवसभर रडलास. घसा सुकला असेल. तूच घे आधी."

गोकुळ झाकणाकडे बघत राहिला.

"घे की."

त्यानं हात मागं घेतला.

"काय चाललंय साहेब? तुमी इथं कसे?" दयाराम गोंधळून म्हणाला.

"तुमचे बूट कुठं आहेत, दयारामभाऊ? लेसचे?"

"गाडीत. दुकानात घालतो ते, गाडीतच राहतात."

"ते सकाळपासून सरोवराच्या कठड्यावर आहेत. लोणारात तुम्ही मेलात." सहदेव गोकुळकडे वळले. "पहाटे तूच यांना इथं सोडलंस. काल धुतलेल्या गाडीची काच किड्यांनी भरली होती. घरापासून कठड्यापर्यंत येताना एवढे किडे लागत नाहीत. अंधारात लांबच्या रस्त्यानं पळवलेली गाडी होती ती. मोबाइल यांच्या बॅगेतून काढलास, म्हणजे दिवसभर कुणाशी बोलणं नको."

"मले वाटलं गाडीत विसरला," दयाराम म्हणाला. "दिल्लीत एकाचा फोन मागून याले विचारलं बी. म्हणला, हाये माह्यापाशी, फिकर नका करू."

"माझ्यासमोर म्हणाला. मला सांगितलं, गिऱ्हाईक आहे. तुम्ही मेलात म्हणून रडत होता, आणि तुमच्याशीच बोलत होता."

"खोटं हाये सारं!" गोकुळ ओरडला. "मी काल सांजपासून पाह्यलंच नाई त्याईले!"

"मग अडकित्ता घरी आहे हे कसं कळलं? रुखमाबाईंनी कोणाला सांगितलं नव्हतं. तू त्या घरी गेला नव्हतास. यांनी पहाटे वाटेत तुला सांगितलं असणार."

दयारामनं हळूच मान हलवली. "म्हणलं होतं. आज खिसा हलका लागते म्हणून."

"तू आधी आत्महत्या मांडलीस, खून नंतर करणार होतास. दिवसभर सगळ्यांसमोर रडलास. पोरीला आणायच्या नावानं निघालास. रात्री प्रेत खाऱ्या पाण्यात टाकलं असतं. आम्ही तिथंच शोधत होतो, आम्हाला ते सापडलंच असतं. मेलेल्या माणसानं लाजेपायी जीव दिला, म्हणजे गोदामात तू भरलेलं बोगस बियाणं त्याच्याच माथी. चौकशी संपली."

साध्या कपड्यातल्या पोलिसानं गोकुळचा दंड धरला. तेव्हा तो दयारामकडे बघून बोलला.

"एकडाव खोटं बोलले असते तं काय गेलं असतं तुमचं? मी तिचा भाऊ होतो, दाजी!"

"तिचा भाऊ म्हणून तं तुले आधी सांगतलं बे," दयाराम म्हणाला. त्याचा आवाज अगदी साधा होता. "म्हणलं, स्वतः जाऊन कबूल करशीन. त्याच्यानं शिक्षा कमी होते."

थर्मास सील झाला. निरोप मिळताच छकुली रिक्षानं आली आणि बापाच्या गळ्यात पडली. "कार्डापायी जीव गेला असता ना!" म्हणून तिनं त्याला दोन गुद्दे पण मारले.

परतीच्या जीपमध्ये ती मागं झोपून गेली. सहदेवांनी खिशातून अडकित्ता काढून दयारामच्या हातात दिला.

"स्टेटस वाचलं का?"

"वाचलं. थोडक्यात वाचलं." दयाराम अडकित्त्याची मूठ चोळत राहिला. "तिले मुंबईले दवाखान्यात न्यावं लागे साहेब. रांगेत उभं राहवत नव्हतं. माह्यापाशी कार्ड आलं, तवापासून आमाले आधी आत सोडत. ती म्हणे, हे कार्ड जाऊ नका देऊ, पुढच्या बारीले लागन."

 

दयारामनं पिशवीतून सुपारी काढली, कचकन कातरली आणि अर्धी पुढं केली. सहदेव सुपारी खात नसत. त्यांनी ती घेतली, तोंडात टाकली आणि काचेबाहेरच्या अंधाराकडे बघत सावकाश चघळत राहिले.